वर डोंगरच आहे

माझ्या सासूबाईंना मी नोकरी काय करते हे शेवटपर्यंत कळलं नाही. मुलुंडच्या आमच्या इमारतीत कोणी विचारलं तर त्या सांगायच्या, "आमची सून झोपडपट्टीत जाते." ऐकणारी बाई हळहळायची. मग सासूबाई घाईघाईनं पुस्ती जोडायच्या, "संध्याकाळी परत येते." निवृत्त होताना संस्थेनं माझ्या कार्याचा गौरव करणारं दोन पानी मानपत्र दिलं. त्यातून जेवढा बोध होतो त्याच्यापेक्षा सासूबाईंच्या दोन वाक्यांतून जास्त होतो असं माझं प्रामाणिक मत आहे.

या अंकासाठी 'समाजसेवेतले अनुभव' लिहा असं सांगण्यात आलं, तेव्हा मी संपादकांना लगेच सांगितलं की सेवा वगैरे मी केलेली नाही. मी एकतीस वर्षं दरमहा पगार घेतला, रजा घेतल्या, रजा नाकारल्या तेव्हा भांडले. त्या पगाराच्या बदल्यात मी भांडुपच्या एका टेकडीवर समुदायाचा विकास केला. निदान कागदोपत्री तरी केला, आणि कागद अजून जपून ठेवलेले आहेत.

समुदाय विकास म्हणजे काय ते बाहेरच्यांसाठी सोपं करून सांगते. शास्त्र असं की लोकांनी एकत्र यावं, आपल्या गरजा आपणच ओळखाव्यात, त्यांवर उपायही आपणच शोधावा, आणि हे सगळं चालू असताना संस्थेच्या माणसानं शेजारी बसून राहावं. या बसून राहणाऱ्या माणसाला सुलभक म्हणतात. सुलभकानं मत द्यायचं नाही, सुचवायचं नाही, लोकांच्या मनातलं बाहेर यायला फक्त वाट करून द्यायची. काम साधारण सुईणीचं. फरक इतकाच, की मूल झालं की नाही हे सुईणीला त्याच दिवशी कळतं, आम्हाला तीन वर्षांनी मूल्यमापन अहवाल आल्यावर.

हे झालं शास्त्र. व्यवहार असा की सकाळी साडेदहाला टेकडी चढायची आणि दिसेल त्या घरी चहा घ्यायचा, कारण चहा नाकारला तर बाई वर्षभर बैठकीला येत नाही. तीनची बैठक साडेचारला सुरू करायची. हजेरीपत्रकावर सह्या घ्यायच्या, त्याही बैठकीच्या आधी, नंतर कोणी थांबत नाही. फोटो मागच्या बाजूनं काढायचा, म्हणजे बारा डोकी चाळीस वाटतात. ही शेवटची युक्ती कुठल्याही अभ्यासक्रमात नाही, मी नवीन मुलींना स्वखुशीनं शिकवली आहे.

आमचे संचालक, त्यांना सगळे नुसतं 'सर' म्हणायचे, दर वर्षी कुठल्यातरी परिषदेला जायचे आणि येताना एक नवा शब्द आणायचे. मी लागले तेव्हा वस्तीतले लोक 'लाभार्थी' होते. मग एका सोमवारी ते 'सहभागी' झाले, काही वर्षांनी 'भागीदार', आणि माझ्या शेवटच्या दिवसांत 'बदलदूत'. टेकडीच्या मधल्या टप्प्यावर राहणाऱ्या राऊळकाकी, आमच्या महिला मंडळाच्या अध्यक्षा, या सगळ्या बढत्यांमधून गेल्या. पहिल्या दोन बढत्यांच्या वेळी त्यांच्या डोक्यावर तेच दोन हंडे होते.

राऊळकाकींबद्दल आधी सांगायला हवं. मूळच्या कुडाळकडच्या, नवरा गिरणीत होता, गिरणी गेली तेव्हा याच बाईनं पापड लाटून चार पोरांना शिकवलं. आवाज असा की खालच्या रस्त्यावरच्या रिक्षावाल्याला वरून हाक मारली तर तो रिक्षा बंद करायचा. वस्तीतल्या गरजांचे प्राधान्यक्रम ठरवायला मी पहिल्यांदा चिंचोके घेऊन गेले तेव्हाची गोष्ट. पद्धत अशी, की जमिनीवर नळ, संडास, बालवाडी, शिलाई मशीन अशी चित्रं मांडायची, प्रत्येक बाईला दहा चिंचोके द्यायचे, जी गरज मोठी तिच्यावर जास्त चिंचोके. झाडून सगळ्या बायकांनी चिंचोके शिलाई मशीनवर ठेवले. मी थक्क झाले. पाण्यासाठी अर्धी टेकडी उतरणाऱ्या बायकांना मशीन हवं? तेव्हा राऊळकाकींनी मला बाजूला घेऊन समजावलं, की आधीच्या संस्थेनं मशिनंच वाटली होती, तेव्हा बायकांना वाटलं तुमच्याकडेही तीच असणार. "मॅडम, तुमच्याकडे काय आसा ता आदी सांगा," त्या म्हणाल्या, "मगे आमी आमची गरज सांगतव." सहभागी नियोजनावर मी पुढे पुष्कळ पुस्तकं वाचली, पण इतकं नेमकं कोणी लिहिलेलं सापडलं नाही.

आणखी एक गृहस्थ होते, तांबेमामा. निवृत्त, विधुर, इस्त्रीचा सदरा. आम्ही वस्तीत कुठलंही प्रशिक्षण ठेवलं की मामा पहिल्या रांगेत. बचतगट, आपत्ती व्यवस्थापन, सेंद्रिय खत, स्तनपान. प्रत्येकाचं प्रमाणपत्र त्यांनी प्लास्टिकच्या फोल्डरात लावलेलं होतं. 'किशोरवयीन मुलींचे आरोग्य' या तीन दिवसांच्या शिबिरात तेच एकटे पूर्ण वेळ हजर होते, किशोरवयीन मुली जेवणानंतर पळून गेल्या. एकदा मी विचारलं, मामा, या सगळ्याचं करता काय? ते म्हणाले, घरी बसलो तर सून काम सांगते.

आता मूळ गोष्टीकडे येते, म्हणजे नकाशाकडे.

पंधरा-सोळा वर्षं झाली असतील. एका मोठ्या कंपनीनं टेकडीवर पाणी चढवायला पंप आणि पाइप द्यायचं कबूल केलं. अट एक, नियोजन लोकांनी करायला हवं. सरांना आनंदाचं भरतं आलं. ते नुकतेच एका परिषदेहून 'काठी लोकांच्या हाती द्या' हे ऐकून आले होते. म्हणजे शिक्षकासारखी काठी आपण धरायची नाही, ती लोकांना द्यायची, आपण गप्प बसायचं. सरांनी हे इतकं मनावर घेतलं की खरोखरची वेताची काठी विकत आणली आणि मंडळाच्या शेडसमोरच्या अंगणात नारळ फोडून राऊळकाकींच्या हाती दिली. काकींनी ती घेतली, आणि नंतर वर्षानुवर्षं तिनं कावळे हाकलले.

त्या अंगणात बायकांनी रांगोळीनं वस्तीचा नकाशा काढायचा होता. रांगोळी ही माझी कल्पना, मला त्याबद्दल फार अभिमान होता. खडू-कागद म्हटलं की बायका मागे सरतात, रांगोळीला कोणी मागे सरत नाही. पांढऱ्या रेषा म्हणजे वाटा, निळी म्हणजे गटार, पिवळे ठिपके घरं, लाल ठिपका जिथं नळ हवा तिथं. बायका दोन तास वाकून काम करत होत्या. कोणाचं घर कोणाच्या पुढे यावरून दोन भांडणं झाली, शेडमागची मोरी विसरली म्हणून एकीनं पूर्ण कोपरा पुसून पुन्हा काढला. मी पायरीवर बसून सुलभन करत होते. खरंच सुंदर दिसत होतं ते. शेडच्या वरच्या अंगाला मात्र घरं संपली आणि हिरवी रांगोळी सुरू झाली. वर काही आहे का, मी विचारलं.

"वर काय नाय मॅडम," राऊळकाकी म्हणाल्या. "वर डोंगरच आसा."

मी मान वर केली. दुपारचं ऊन होतं. शेडच्या बऱ्याच वर, झाडीच्या कडेला, दोरीवर चार साड्या वाळत होत्या. दोन हिरव्या, एक पिवळी, एक मळकट लाल. डोंगर साड्या नेसत नाही हे कळण्याइतकी माझी पदवी नक्कीच होती. शिवाय तिथं वरची गल्ली आहे, जालन्या-परभणीकडची वीसेक घरं आहेत, बायका-पुरुष बांधकामावर जातात, हे मी ऐकून होते. त्या बायकांना त्या दिवशीचा निरोपच गेला नव्हता. निरोप द्यायचं काम मंडळाचं, आणि मंडळाच्या लेखी वस्ती म्हणजे जिथपर्यंत हळदीकुंकवाची बोलावणी जातात तिथपर्यंत.

मी बोलले नाही. बोलले असते तर नकाशा माझा झाला असता, लोकांचा राहिला नसता. पुस्तकात हे ठळक अक्षरांत होतं. दुसऱ्यांदा विचारणं म्हणजे लोकांच्या तोंडात शब्द घालणं, असंही होतं. तेव्हा मी अत्यंत शास्त्रशुद्धपणे गप्प बसले, रांगोळीवरून नकाशा मोठ्या कागदावर उतरवून घेतला, आणि सूचीत हिरव्या रंगापुढे माझ्या सुवाच्य अक्षरात लिहिलं, 'डोंगर'. खाली सगळ्या बायकांच्या सह्या. साक्षीदार म्हणून तांबेमामांची, लफ्फेदार.

नकाशाचं फार कौतुक झालं. सरांनी तो चौकटीत घालून आमच्या पायथ्याच्या कार्यालयात लावला, त्याचा फोटो वार्षिक अहवालाच्या मुखपृष्ठावर आला, बाहेरगावचे लोक येऊन त्याच्यासमोर उभं राहून फोटो काढायला लागले. माझ्या नोकरीत मी शेकडो कागद तयार केले, त्यांतला एकही कोणी वाचला नव्हता. हा एकच असा निघाला की ठेकेदारानं त्याच्याबरहुकूम पाइप टाकला. शेडच्या मागे शेवटचा नळ बसवला आणि त्याची माणसं खाली उतरली.

नळ बसल्यावर महिन्याभरात कौसाबाई कार्यालयात आली. उंच, रापलेली, हातापायांवर सिमेंटचा पांढुरका थर, सोबत दोन वेण्यांची मुलगी. मुलीचं नाव रेखा. कौसाबाईला वरच्या गल्लीसाठी नळाचा अर्ज लिहून हवा होता. अर्जाची भाषा मी मनात जुळवत होते तेवढ्यात ती चौकटीसमोर जाऊन उभी राहिली. हे काय आहे म्हणून तिनं विचारलं. मी सांगितलं, तुमच्या वस्तीचा नकाशा, बायकांनी स्वतः काढलाय.

"माझं घर कुठाय ह्यात?"

मी उठून गेले. बोट ठेवायला जागा शोधत होते, पण त्या भागात सगळीकडे एकच रंग होता. रेखा नववीत होती, तिला वाचता येत होतं. तिनं सूची वाचून आईला सांगितलं, "डोंगर लिहिलंय."

कौसाबाईनं त्या हिरव्यावर बोट टेकवलं. मग म्हणाली, "आमी डोंगरात ऱ्हातो बाई. आमी डोंगर न्हाई."

रागानं म्हणाली असती तर मला सोपं गेलं असतं, रागावलेल्या लोकांना शांत करायचं आमचं प्रशिक्षण झालेलं असतं. पण ती मला एक साधी चूक दाखवून देत होती, आणि ती चूक मी उघड्या डोळ्यांनी केली होती. मला स्वतःची लाज वाटली, हे इथं लिहिते आहे, तेव्हा अहवालात लिहिलं नाही.

मग तिनं रेखाचं सांगितलं. नवरा मराठवाड्यात परत गेलेला, तो आता येणार नाही असं धरून चालायचं. ती स्वतः दिवसभर साइटवर. नवीन नळाला पाणी दुपारी बारा ते दोन येतं, म्हणजे पाणी भरायचं काम रेखाचं. खालच्या बायका आपले हंडे भरून झाल्याशिवाय वरच्यांना नळाशी उभं राहू देत नाहीत. रेखाची शाळा दुपारची, साडेबाराची. बाईंनी सांगितलंय की हजेरी अशीच राहिली तर दहावीत घेणार नाही. ती पोरगी गणितात पहिली येते, हे कौसाबाईनं दोनदा सांगितलं. मी म्हणाले, बघते काहीतरी. आमच्या धंद्यात यापेक्षा स्वस्त वाक्य नाही.

बघितलं मात्र खरंच. आधी सरांकडे गेले. नकाशा बदलायला हवा म्हटल्यावर ते दुखावले. "शुभदा, तो नकाशा लोकांचा आहे," ते म्हणाले. "आपण त्याला हात लावणारे कोण?" ठेकेदाराकडे गेले, तो भला माणूस होता. त्यानं नकाशा उलगडून मला दाखवला आणि विचारलं, मॅडम, इथं घरं कुठं आहेत, तुम्हीच दाखवा. शेवटी राऊळकाकींकडे गेले. त्यांनी नेहमीप्रमाणे चहा टाकला, पण माझ्याकडे पाठ करून.

"आमी इतकी वर्सां हंडे घेवन चढलव-उतरलव," त्या म्हणाल्या. "मोर्च्यात गेलव, पोलिसांच्या शिव्या खाल्लव. तेवा ही खय होती? पाणी वर गेला तर माझ्या नळाक काय उरतला?"

काकी दुष्ट नव्हत्या. वीस वर्षं वाट पाहून मिळालेला नळ त्या धरून बसल्या होत्या, इतकंच. समुदाय या शब्दाची गंमत अशी आहे की तो लांबून एक दिसतो. जवळ गेलं की त्यात नळाच्या खालचे आणि नळाच्या वरचे असे दोन निघतात, आणि सुलभक बहुतेक वेळा चहा जिथं मिळतो त्या बाजूला बसलेला असतो.

कौसाबाईला मी नकार कळवला. तिनं ऐकून घेतलं आणि एकच विचारलं, कंपनीचे साहेब नळ बघायला कधी येणार? मी दिवस सांगितला. पुढे जे झालं त्यातलं माझं योगदान म्हणजे एवढी एक तारीख.

लोकार्पणाच्या दिवशी पाण्याच्या वेळेला, बाराला आम्ही टेकडी चढलो. नळाला झेंडूची माळ, बायका नव्या साड्यांत, राऊळकाकींच्या हातात ओवाळणीचं ताट. साहेब तिघेजण होते. फीत कापली, नळ सोडला, टाळ्या झाल्या, आणि मग त्यांतल्या तरुण साहेबानं विचारलं, "ही पांढरी लाइन कसली आहे?"

नळाच्या बुंध्यापासून एक पांढरी रेषा निघाली होती आणि शेडला वळसा घालून वर झाडीत गेली होती. इमारतीचा पाया खणायच्या आधी जमिनीवर चुन्याची फक्की मारून आखणी करतात, तिला बांधकामवाले लाइनआउट म्हणतात. खोदणारा त्या रेषेवरून खोदत जातो. कौसाबाईनं उभी हयात अशा रेषांवर खोदकाम केलं होतं. साइटवरून पाटीभर फक्की आणून तिनं नळापासून आपल्या गल्लीपर्यंत पाइपाची लाइन मारून ठेवली होती, वळणाला वळण, जिथं खडक तिथं बाजूनं. कागदाच्या भानगडीत न पडता तिनं नकाशा जमिनीवर काढला होता, आणि जेवढ्याला तेवढा.

सगळे माझ्याकडे बघायला लागले. सरांचा चेहरा पडला होता. राऊळकाकींच्या ताटातलं निरांजन विझलं होतं. एवढ्यात तांबेमामा पुढे झाले. इस्त्रीचा सदरा, बगलेत फोल्डर. ते त्या रेषेवरून वर चालायला लागले. साक्षीदार म्हणून सही त्यांची होती, ती त्यांना बोचत असावी, किंवा घरी सून काम सांगेल ही भीती असावी. मामांना मी कधी विचारलं नाही. साहेब त्यांच्या मागे, साहेबांच्या मागे आम्ही.

रेषा वीस दारांसमोरून गेली होती आणि प्रत्येक दारापाशी एक गोल होता. शेवटच्या दारात कौसाबाई उभी होती. तिनं त्या दिवशीचं काम सोडलं होतं. साहेबांनी विचारलं, हे नियोजनात होतं का? एकतीस वर्षांत मी पुष्कळ अर्धसत्यं लिहिली, पण शुद्ध खोटं एकदाच बोलले.

"हा दुसरा टप्पा आहे सर," मी म्हणाले. "लोकांनी स्वतः आखलाय."

सरांना सावरायला तीन सेकंद लागले. चौथ्या सेकंदाला ते साहेबांना दुसऱ्या टप्प्यामागची संकल्पना समजावून सांगत होते.

टप्पा मंजूर झाला. पण मंजुरी आणि पाणी यांच्यामध्ये परवानग्या असतात, सर्वेक्षण असतं, कंपनीचे बदललेले साहेब असतात. दोन पावसाळे गेले. दर पावसाळ्यात रेषा धुऊन जायची आणि कौसाबाई ती पुन्हा मारायची. आलेल्या इंजिनियरनं वर चढून पाहिलं तेव्हा तो चक्रावला. वर इतकी सपाट जागा असताना टाकी वरच का बांधली नाही, त्यानं विचारलं. टाकी वर असती तर पाणी आपोआप खाली सगळ्यांनाच मिळालं असतं, आणि जोरातही. मी सांगितलं, आम्हाला वाटलं वर डोंगर आहे. तो म्हणाला, मॅडम, टाकी डोंगरावरच बांधतात.

टाकी झाली, आणि राऊळकाकींच्या नळाला जन्मात आला नव्हता इतका जोर आला. टाकीच्या झडपेची चावी राहिली कौसाबाईकडे, कारण तिचं दार सगळ्यात जवळ. त्या वर्षीपासून हळदीकुंकवाची बोलावणी वरच्या गल्लीतही जायला लागली. आमच्या अहवालात याला 'सामाजिक एकात्मता' असं म्हटलं आहे. पुढे 'वस्तीतून उभं राहिलेलं नेतृत्व' या मथळ्याखाली कौसाबाईची यशोगाथा छापली, आमच्या प्रशिक्षणांमुळे तिच्यात झालेल्या बदलासह. तिनं आमचं एकही प्रशिक्षण केलेलं नव्हतं. ती यशोगाथा मीच लिहिली.

रेखाचं मात्र वेळेत झालं नाही. टाकी भरली तेव्हा तिची शाळा सुटून वर्ष उलटलं होतं. ती घाटकोपरच्या एका कपड्याच्या दुकानात घड्या घालायला लागली होती. दहावी तिनं चार वर्षांनी सतरा नंबरचा फॉर्म भरून बाहेरून केली. गणितात चांगले मार्क पडले. पेढे घेऊन आली होती, माझ्या वाटचा मी शिपायाला दिला. ही गोष्ट कुठल्याच यशोगाथेत बसली नाही.

दोन वर्षांपूर्वी मी निवृत्त झाले तेव्हा संस्थेनं मानपत्राबरोबर तो चौकटीतला नकाशा मला भेट दिला. कार्यालयाला रंग द्यायचा होता, ठेवायला जागा नव्हती, असं शिपायाकडून कळलं. तो आता आमच्या दिवाणखान्यात आहे. पाहुणे विचारतात, वारली चित्र आहे का?

गेल्या महिन्यात रेखा घरी आली. ती आता आमच्याच संस्थेत समुदाय समन्वयक आहे, मधल्या काळात नोकरी करत करत बी.ए. केलं, गळ्यात ओळखपत्र, हातात टॅब. तिच्या टॅबवर उपग्रहातून घेतलेला वस्तीचा नकाशा आहे. त्यात वरची गल्ली घराघरासकट दिसते. इतक्या लांबून दिसते, आणि मी दीडशे पायऱ्या खाली बसले होते. नवीन मुलींच्या प्रशिक्षणासाठी तिला माझा नकाशा हवा होता. काय करू नये याचं उदाहरण म्हणून, असं ती स्पष्टपणे म्हणाली. आई बरी आहे म्हणाली, गुडघे धरलेत, पण चावी अजून कोणाला देत नाही.

मी चौकट भिंतीवरून काढली आणि वर्तमानपत्रात गुंडाळायला घेतली. इतकी वर्षं जे कोणाला सांगितलं नव्हतं ते तिला सांगायला हवं असं वाटलं. म्हटलं, रेखा, त्या दिवशी वर घरं आहेत हे मला माहीत होतं. तुमच्या दारातल्या चार साड्या वाळताना मला खालून दिसल्या होत्या. दिसल्या तरी मी पुन्हा विचारलं नाही. तुझी शाळा त्यात गेली.

तिला राग येईल असं वाटलं होतं. तिनं माझ्या हातातलं दोऱ्याचं रीळ घेतलं आणि गाठ मारता मारता म्हणाली, "माहितीये ताई. त्या दिवशी मी घरीच होते. मॅडम आल्यात, नकाशा करतायत असं खालून कळलं होतं. आपल्याला बोलावलं नाही, पण मॅडम वर बघतील, साड्या दिसल्या की विचारतील, असं आई म्हणाली. पेटीतल्या होत्या नव्हत्या तेवढ्या चारही काढून तिनं दोरीवर टाकल्या."

मी वेड्यासारखं विचारलं, म्हणजे धुतलेल्या नव्हत्या?

"कोरड्याच होत्या," रेखा म्हणाली. "धुवायला पाणी कुठं होतं?"